जुनं डायनोसॉर पार्क नव्या फोनवर आणताना: आधी आकडे, मग चित्रं

२०१२-१३ च्या सुमारास ज्यांच्या हातात पहिला टचस्क्रीन फोन आला, त्यांतल्या अनेकांनी कधी ना कधी डायनोसॉर पार्क बांधलेलं असतं. जंगल साफ करायचं, जमिनीतून अंबरचे (झाडाच्या अश्मीभूत डिंकाचे) तुकडे खणून काढायचे, त्यातून नवी जात तयार करायची, तिला खायला घालून मोठं करायचं आणि दर काही तासांनी फोन उघडून नाणी गोळा करायची. या पठडीतला सगळ्यांना आठवणारा खेळ म्हणजे मॉन्ट्रियलच्या लुडिया कंपनीचा ‘ज्युरासिक पार्क बिल्डर’. तो २०१२ मध्ये आला आणि २०२० मध्ये बंद झाला. जमिनीवरचं, पाण्यातलं आणि हिमयुगातलं अशी तीन पार्कं त्यात होती.

असा खेळ पुन्हा उभा करायचा म्हटलं की बहुतेक जण फोटोशॉप उघडतात. जुना स्टेगोसॉरस घ्यायचा, चौपट मोठा करायचा, अंगावर खवले रंगवायचे आणि त्याचं चित्र मित्रांना पाठवायचं. दोन महिन्यांनी हातात चाळीस सुंदर चित्रं असतात आणि खेळ मात्र नसतो. पार्क बांधायच्या खेळाचा जीव त्याच्या आकड्यांत असतो: कोणता प्राणी किती वेळात किती नाणी देतो, खाणं किती महाग आहे, पुढची जमीन कधी परवडते. म्हणून या लेखात चित्रं बरीच उशिरा येतात. वाचताना उडी मारलीत तर माझी हरकत नाही, काम करताना मात्र मारू नका.

हक्क कोणाचे, हे कागदावर बघा

खेळ तुमचा स्वतःचा असेल तरी गृहीत धरू नका. भारतात कॉम्प्युटर प्रोग्रॅमला १९५७ च्या कॉपीराइट कायद्याखाली साहित्यकृतीचा दर्जा आहे. नोकरीत असताना लिहिलेला कोड, वेगळा करार नसेल तर, मालकाचा. बाहेरच्या चित्रकाराकडून काढून घेतलेल्या चित्रांचं इतकं सरळ नसतं. पैसे देऊन काढून घेतलेल्या काही चित्रांचे हक्क कायदा पैसे देणाऱ्याला देतो, बाकीची लेखी हस्तांतरण नसेल तर चित्रकाराचीच राहतात, आणि हस्तांतरण लेखी असूनही मुदत लिहिलेली नसेल तर कायदा ती पाच वर्षांची धरतो. प्रदेश लिहिला नसेल तर फक्त भारत. म्हणजे २०१३ मध्ये ‘सगळे हक्क तुम्हाला दिले’ अशी एका ओळीची मेल घेऊन काढलेली चित्रं आज जगभर विकायला निघालात तर तुम्ही खड्ड्यात पडू शकता. चित्रकाराला शोधा, दोन पानांचा नवा करार करा, योग्य पैसे द्या. संगीत, फॉन्ट आणि विकत घेतलेले प्लगइन यांचीही अशीच यादी काढा.

खेळ दुसऱ्याचा असेल, त्यातही सिनेमाच्या परवान्यावर बनलेला असेल, तर त्याची फाइल उघडून चित्रं काढणं आणि ती पुन्हा प्रकाशित करणं हा मार्ग बंद आहे, मग तुम्ही ते फुकट वाटा की विका. कल्पना मात्र मोकळी असते. पार्क बांधणं, अंडी उबवणं, तासांनी नाणी गोळा करणं यावर कोणाची मालकी नाही. टायरॅनोसॉरस रेक्स हे नाव १९०५ सालचं शास्त्रीय नाव आहे, तेही कोणाच्या खिशातलं नाही. चिन्ह, प्रवेशद्वाराची रचना, पात्रं आणि सिनेमासाठी बनवलेले संकरित प्राणी मात्र त्यांचे. अशा वेळी रीमास्टरचा (तोच खेळ नव्या रूपात आणण्याचा) हट्ट सोडा, त्याच चालीचा स्वतःचा खेळ करा. पुढच्या बहुतेक पायऱ्या दोन्ही वाटांना लागू आहेत.

जुना खेळ मोजून ठेवा

कपाटातला जुना फोन शोधा. त्यात खेळ अजून चालत असेल तर त्या फोनला वायफायपासून लांब ठेवा, अपडेट करू नका. मग दुसऱ्या फोनने त्याच्या स्क्रीनचं सेकंदाला ६० फ्रेमच्या वेगाने चित्रीकरण करा. नाण्यावर बोट ठेवल्यापासून नाणं उडेपर्यंत किती फ्रेम जातात, कॅमेरा सरकवून बोट उचललं की तो किती वेळ घरंगळतो, झूम कुठे अडतो, हे सगळं मोजा. लोक ‘जुन्या खेळाची मजा’ म्हणतात तेव्हा बऱ्याचदा ते या पाच-सहा फ्रेमबद्दल बोलत असतात. त्यांना ते सांगता येत नाही एवढंच.

सोर्स कोड हाताशी असेल तर पहिल्याच दिवशी, एक ओळही न बदलता, गिटमध्ये (कोडमधल्या बदलांचा इतिहास जपणाऱ्या साधनात) टाका. नसेल तर तुमच्याच खेळाची एपीके, म्हणजे अँड्रॉइड ॲपची फाइल उघडा. ती मुळात झिप असते, नाव बदललं की उघडते. आत चित्रं, आवाज आणि नशीब असेल तर आकड्यांच्या जेसन किंवा एक्सएमएल फाइली सापडतात. एका जुन्या खेळाच्या वेळी आम्हाला मूळ थ्रीडी मॉडेल एका माजी सहकाऱ्याच्या माळ्यावरच्या हार्ड डिस्कवर मिळाली होती, ‘फायनल_२_नवीन’ नावाच्या फोल्डरमध्ये. तेव्हा फोन फिरवायला लाजू नका.

आकड्यांचा तक्ता

एक स्प्रेडशीट उघडा. प्रत्येक प्राणी आणि प्रत्येक इमारत यांना एक ओळ. रकाने असे: किंमत, कोणत्या चलनात, कोणत्या पातळीला खुला होतो, किती वेळाने किती नाणी देतो, खाणं कोणतं आणि किती, किती जागा व्यापतो. जुन्या खेळातले आकडे जसेच्या तसे भरा, पटले नाहीत तरी.

मग पहिला प्रश्न विचारा: दिलेली किंमत किती दिवसांत वसूल होते? समजा, एक कार्नोटॉरस ५,००० नाण्यांना मिळतो आणि दर ४ तासांनी ३०० नाणी देतो. कागदावर दिवसाला सहा वेळा, म्हणजे १,८०० नाणी, म्हणजे तीन दिवसांच्या आत वसूल. पण नोकरी करणारा माणूस खेळ दिवसातून तीनदा उघडतो. त्याला ९०० च मिळतात आणि वसुलीला साडेपाच दिवस लागतात. जुन्या खेळांत नाणं तयार झालं की ते उचलेपर्यंत टायमर थांबून राहायचा, त्यामुळे छोट्या टायमरचे प्राणी सारखा फोन उघडणाऱ्यालाच फायद्याचे पडायचे. ते मुद्दाम होतं, तुम्ही दिवसभर परत यावं म्हणून. तेव्हाचा कॉलेजमधला खेळाडू आज पस्तिशीत आहे आणि त्याच्याकडे तेवढा वेळ नाही. इथे मी बदल करेन. नाणी साठू द्या, पण मर्यादा घाला, उदाहरणार्थ १२ तासांपर्यंत. सकाळी आणि रात्री उघडणाऱ्याचं काहीच बुडत नाही.

दुसरी जागा म्हणजे खाणं. प्राण्याची पातळी वाढली की खाण्याचा खर्च एका पटीने वाढत जातो, आणि ती पट किती यावर अख्खा खेळ तरतो किंवा बुडतो. पहिल्या पातळीला एका घासाला ५० नग, प्रत्येक पातळीला पाच घास आणि एकूण ४० पातळ्या, असं धरू. खर्च दर पातळीला १५ टक्क्यांनी वाढला तर एका प्राण्याला शेवटपर्यंत नेण्यासाठी साधारण ४ लाख ४५ हजार नग लागतात. तोच खर्च २५ टक्क्यांनी वाढला तर ७५ लाखांच्या वर जातो. वाढीत फरक दहाच टक्क्यांचा, पण बिल जवळपास सतरापट. जुन्या खेळांचे शेवटचे टप्पे जे रटाळ वाटायचे ते याच गणितामुळे, कारण तिथे पाकीट उघडावं अशी अपेक्षा होती. रीमास्टर एकदाच पैसे घेऊन विकणार असाल तर ही वाढ खाली आणा. माझं मत विचाराल तर १२ ते १५ टक्क्यांच्या वर जाऊ नका.

तिसरी आणि सगळ्यात अवघड जागा म्हणजे दुसरं चलन, ज्याला खेळाडू नोटा, हिरे, बक्स असं काहीही म्हणतात. जुन्या खेळात ते पैशाने विकलं जायचं आणि खेळून चिमूटभर मिळायचं. त्यात ज्यांची किंमत होती त्या सगळ्या वस्तूंची बेरीज करा. समजा ती १८,००० आली आणि रोज ५ नोटा मिळतात. भागाकार केला तर ३,६०० दिवस, म्हणजे जवळपास दहा वर्षं. दुकान काढून टाकून बाकी सगळं तसंच ठेवणाऱ्यांचे रीमास्टर नेमके इथे मार खातात. सुंदर प्राणी यादीत दिसतात आणि आयुष्यात मिळत नाहीत. एक तर ते चलन पूर्ण काढा, किंवा मोहिमा, पातळ्या आणि संग्रह पूर्ण केल्याबद्दल ते इतकं द्या की तीन-चार महिन्यांत सगळं आवाक्यात येईल.

तक्ता भरला की पायथनमध्ये शंभरेक ओळींचा एक नकली खेळाडू लिहा. खरं तर तीन लिहा: दिवसातून सहा वेळा येणारा, फक्त सकाळ-रात्र येणारा आणि फक्त शनिवार-रविवारी येणारा. प्रत्येकाला ९० दिवस खेळू द्या, सगळं काही सेकंदांत होतं. कोणत्या दिवशी कोण अडकून बसलं ते आलेखावर सरळ दिसतं. आठवड्याच्या शेवटी येणारा खेळाडू महिन्याभरात तिसऱ्या प्राण्याच्या पुढे सरकला नसेल, तर चित्रं काढायला अजून वेळ आहे.

एक लहानशी सूचना: नाणी ३२ बिटांच्या पूर्णांकात ठेवू नका. २१४ कोटी ७४ लाखांच्या पुढे तो उलटा फिरतो आणि सगळ्यात निष्ठावान खेळाडूची शिल्लक एका सकाळी उणे दिसते. ६४ बिट वापरा.

सर्व्हरशिवायची वेळ

हे खेळ मेले ते बहुतांशी सर्व्हरमुळे. वेळ, सेव्ह, दुकान सगळं तिकडे असायचं. सर्व्हरचं भाडं परवडेना झालं की फोनमधलं धडधाकट ॲपसुद्धा निकामी. म्हणून तुमचा खेळ पहिल्या दिवसापासून इंटरनेटशिवाय चालला पाहिजे.

वेळेचं सूत्र साधं आहे. खेळ बंद होताना यूटीसीमधली (जगभर एकच असलेल्या प्रमाणवेळेतली) वेळ साठवा, उघडताना आत्ताची वेळ घ्या, वजाबाकी करा आणि तेवढ्या वेळाचं उत्पन्न एका फटक्यात द्या. प्रत्येक प्राण्यासाठी सेकंद-सेकंद मोजत बसू नका. स्थानिक वेळ वापरलीत तर पुण्याहून न्यू जर्सीला गेलेल्या खेळाडूचं अंडं विमानातून उतरल्यावर मागे जाईल. वजाबाकी उणे आली तर ती शून्य धरा, खेळाडूला ओरडू नका. फोनची बॅटरी पूर्ण संपली की काही स्वस्त फोनांचं घड्याळ खरोखरच भलत्या तारखेला जातं.

घड्याळ पुढे करून फसवणाऱ्यांचं काय? अँड्रॉइडमध्ये फोन सुरू झाल्यापासूनचा काळ वेगळा मिळतो. तो खेळाडूला बदलता येत नाही, पण रीबूट केल्यावर शून्यावर येतो. दोन्ही घड्याळं ताडून बघता येतात. मी मात्र हे करत नाही. एकट्याने खेळायच्या, एकदाच पैसे दिलेल्या खेळात कोणी घड्याळ पुढे करून डिप्लोडोकस मिळवला तर त्यात माझं काय गेलं? स्पर्धा किंवा खरेदी असेल तरच हा उपद्व्याप करा.

सेव्ह फाइल कधीही जागेवर लिहू नका. आधी तात्पुरत्या फाइलमध्ये लिहा, ती नीट लिहिली गेल्याची खात्री करा, मग नाव बदला. शेवटच्या तीन प्रती ठेवा आणि फाइलीच्या सुरुवातीला आवृत्ती क्रमांक घाला. लिहिण्याच्या मध्येच फोन बंद पडून सहा महिन्यांचं पार्क गेलेला खेळाडू परत येत नाही, आणि त्याने दिलेला एक तारा कायम राहतो.

इंजिन आणि तिरप्या चौकटी

जुना कोड तसाच चालवायचा मोह होईल. तो काळ कोकोस-टू-डी या इंजिनाचा (खेळ ज्यावर बांधतात त्या तयार सॉफ्टवेअरचा) होता, ३२ बिट बिल्डचा होता. आयओएस ११ ने २०१७ मध्ये ३२ बिट ॲप बंद केली, गुगल प्लेने ऑगस्ट २०१९ पासून ६४ बिट सक्तीचं केलं, आणि ॲपलने २०१८ पासून ओपनजीएल ईएस या चित्रं रेखाटण्याच्या जुन्या यंत्रणेला ‘आता आमचं मेटल वापरा’ म्हणून बाजूला सारलं. जुना कोड छोटा आणि स्वच्छ असेल तर नेऊन बघा. नाहीतर आकड्यांचा तक्ता हातात आहेच, नव्या इंजिनात परत लिहिणं बहुधा लवकर होतं. गोडो फुकट आहे, एमआयटी परवान्याचं आहे आणि टू-डीला हलकं आहे. टीमला युनिटी येत असेल तर युनिटी. यावर आठवडाभर वाद घालू नका.

या खेळांची जमीन ‘आयसोमेट्रिक’ म्हणवली जाते, पण चौकट उंचीच्या दुप्पट रुंद असते, म्हणजे कोन ३० अंशांचा नसून सुमारे २६.५७ अंशांचा. ६४ बाय ३२ पिक्सेलच्या चौकटीसाठी गणित असं:

स्क्रीनवरची आडवी जागा = (स्तंभ − ओळ) × ३२
स्क्रीनवरची उभी जागा = (स्तंभ + ओळ) × १६

बोट कुठल्या चौकटीवर पडलं ते काढायला हेच उलटं सोडवायचं. इथवर सोपं आहे. खरी डोकेदुखी म्हणजे कोण पुढे, कोण मागे. सगळं एक बाय एक चौकटीचं असेल तर स्तंभ आणि ओळीच्या बेरजेने क्रम लावला की झालं. चार बाय दोनच्या लांब कुंपणाशेजारून पर्यटकांची गाडी गेली की मात्र ती कधी कुंपणाच्या आतून, तर कधी डायनोसॉरच्या पोटातून जाताना दिसते. उपाय असा: प्रत्येक वस्तूने व्यापलेल्या चौकटींचा आयत धरा. एका आयताचा शेवटचा स्तंभ दुसऱ्याच्या पहिल्या स्तंभाच्या आधी संपत असेल, किंवा तसंच ओळींचं असेल, तर तो मागचा. स्क्रीनवर एकमेकांवर चढणाऱ्या जोड्यांपुरतीच ही तुलना करा आणि त्या नात्यांतून क्रम लावा. इमारती हलत नाहीत, त्यांचा क्रम साठवून ठेवा आणि फिरणाऱ्या वस्तूंचाच पुन्हा काढा.

जुने खेळ ३:२ किंवा ४:३ स्क्रीनसाठी बनले होते, आजचे फोन लांबुळके आहेत. स्क्रीन ताणू नका, जास्तीची जमीन दाखवा. नकाशाच्या कडेपलीकडे समुद्र किंवा जंगल रंगवलेलं असू द्या, नाहीतर काळा पट्टा दिसेल.

आता चित्रं

त्या काळातले बहुतेक डायनोसॉर थ्रीडीत बनवून, वेगवेगळ्या दिशांनी टिपून टू-डी चित्रं म्हणून वापरले जात. मूळ मॉडेल हाती असेल तर ब्लेंडर या थ्रीडी सॉफ्टवेअरमध्ये उघडून जास्त रेझोल्यूशनवर पुन्हा रेंडर करा. मॉडेल साधं असलं तरी चालतं, कारण फोनवर प्राणी अंगठ्याएवढाच दिसतो. सावली आणि प्रकाशाची दिशा सगळ्या प्राण्यांना एकच ठेवा. हे इतकं प्राथमिक आहे की सगळे विसरतात.

मॉडेल नसेल आणि लहान चित्रंच असतील तर एआयने मोठी करण्याची साधनं आहेत. इमारतींना, झाडांना, बटणांना ती बरी पडतात. चालणाऱ्या प्राण्याला नाही. प्रत्येक फ्रेममध्ये साधन वेगळे खवले कल्पून काढतं आणि प्राणी चालताना त्याच्या अंगावर मुंग्या फिरतायत असं वाटतं. चित्राच्या पारदर्शक कडांवर पांढरी रेघही राहते. प्राण्यांसाठी हाताने रंगवणं किंवा नवं मॉडेल करणं याला पर्याय नाही.

मेमरीचा हिशेब करा. २५६ बाय २५६ ची एक फ्रेम साध्या रूपात २५६ किलोबाइट घेते. आठ दिशांपैकी पाच काढल्या आणि तीन आरशात उलटवल्या, चालीच्या १२ फ्रेम धरल्या, तर ६० फ्रेमचे १५ मेगाबाइट झाले, तेही एका प्राण्याच्या फक्त चालण्याचे. एएसटीसी या चित्रं दाबून लहान करायच्या पद्धतीच्या ६ बाय ६ प्रकारात तेच पावणेदोन मेगाबाइटच्या आत बसतं. जुन्या काळी आयफोनसाठी पीव्हीआरटीसी आणि अँड्रॉइडसाठी ईटीसी-१ असे वेगळे प्रकार ठेवावे लागत. ईटीसी-१ मध्ये पारदर्शकता नव्हती, म्हणून तिच्यासाठी दुसरं चित्र जोडावं लागायचं. ती सगळी कसरत काढून टाका. आरशात उलटवताना मात्र प्रकाशही उलटतो हे लक्षात ठेवा. समोरून किंवा वरून पडणारा प्रकाश असेल तर ते खपून जातं.

आवाज

बोट लागल्यावर वाजणारे छोटे आवाज न दाबता ठेवा, म्हणजे ते लगेच वाजतील. संगीत ओजीजीमध्ये चालेल. नाण्याचा जुना आवाज बदलू नका, अगदी खरखरीत असला तरी. फार तर स्वच्छ करा. मूळ रेकॉर्डिंग हरवलं असेल तर नवा आवाज त्याच सुरात, तेवढ्याच लांबीचा बसवा. प्राण्यांच्या डरकाळ्या नव्याने करायच्या असतील तर सिंह-वाघ मिसळायची सवय सोडून शहामृग, कबूतर आणि मगर ऐका. डायनोसॉरच्या जवळच्या या जिवंत नातेवाइकांत तोंड बंद ठेवून घुमल्यासारखा आवाज काढणारे अनेक आहेत, आणि काही डायनोसॉर तसेच घुमत असावेत असं संशोधकांना वाटतं. मोठ्या प्राण्याचा असा खोल घुमारा हेडफोनवर डरकाळीपेक्षा जास्त भीती घालतो. फोनच्या स्पीकरवर तो ऐकूच येत नाही, म्हणून वरच्या पट्टीतलं थोडं मिसळा.

प्राणी तेच, शास्त्र पुढे गेलंय

२०१२ नंतर डायनोसॉर बरेच बदलले. स्पिनोसॉरसचं उदाहरण घ्या: मोरोक्कोत सापडलेल्या सांगाड्यावरून २०२० मध्ये त्याची शेपटी उंच, वल्ह्यासारखी चपटी होती असं समोर आलं. व्हेलोसिरॅप्टरच्या हाडावर पिसांच्या खुणा तर २००७ मध्येच सापडल्या होत्या, पण खेळांनी त्याला सोललेल्या कोंबडीसारखंच ठेवलं. २०१५ च्या एका अभ्यासाने ब्रॉन्टोसॉरसला पुन्हा स्वतंत्र प्रजाती (जीनस) म्हणून उभं केलं.

जुने चाहते मात्र पिसं बघून चिडतात. भांडण टाळायचा सोपा मार्ग म्हणजे प्रत्येक प्राण्याला दोन वेश द्यायचे, जुना आणि शास्त्रशुद्ध, आणि निवड खेळाडूवर सोडायची. वरच्या पातळीचं बक्षीस म्हणून नवा वेश दिला तर संग्रहाची हौसही भागते.

नवे प्राणी घालायचे असतील तर अमेरिका-मंगोलियाच्या पलीकडे या. आपल्या चंद्रपूर जिल्ह्यात डोंगरगाव इथे लांब मानेच्या एका डायनोसॉरचा सांगाडा मिळाला. १९९७ मध्ये त्याचं टायटॅनोसॉरसची जात म्हणून वर्णन झालं आणि २००३ मध्ये त्याला आयसिसॉरस हे नवं नाव मिळालं, कोलकात्याच्या इंडियन स्टॅटिस्टिकल इन्स्टिट्यूटच्या आद्याक्षरांवरून. त्याच जिल्ह्यातलं पिसदुरा अश्मीभूत शेणासाठी जगात ओळखलं जातं. खेळात अंबरऐवजी ते खणायला लावलं तर मुलं खिदळतील आणि शिकतीलही. राजासॉरस नर्मदेन्सिस हा मांसाहारी २००३ मध्ये गुजरातच्या रैयोलीतून जगापुढे आला, डोक्यावरच्या शिंगासारख्या उंचवट्यासकट. गोदावरी खोऱ्यातला बारापासॉरस टागोराय त्याहून खूप जुना, ज्युरासिक काळाच्या सुरुवातीचा. नाव बंगाली ‘बडा पा’, म्हणजे मोठा पाय, आणि रवींद्रनाथांवरून. हे तीन प्राणी घेऊन एक भारतीय बेट केलंत तर तुमच्या खेळाला तेवढा एक भाग असा मिळेल जो दुसऱ्या कोणाकडे नाही.

मराठीत खेळ, तुटलेल्या अक्षरांशिवाय

इंग्रजी खेळात मराठी मजकूर नुसता चिकटवला की ‘किंमत’ची वेलांटी क च्या उजवीकडे जाऊन बसते आणि जोडाक्षरांचे पाय मोडतात. कारण जुने खेळ बिटमॅप फॉन्ट वापरत, एक अक्षर एक चित्र. देवनागरीला अक्षरं जुळवणारी यंत्रणा लागते. गोडो ४ मध्ये ती आत आहे. युनिटीच्या टेक्स्टमेशप्रोमध्ये देवनागरीने अनेकांना रडवलं आहे, तिथे आधी चाचणी करा. चाचणीचा शब्द ‘शिकारी’ पुरत नाही. ‘दऱ्या’, ‘तऱ्हा’, ‘शृंगधारी’, ‘टायरॅनोसॉरस’ आणि ‘उत्क्रांती’ हे पाच शब्द नीट आले तर बाकी येतात. ‘दऱ्या’तला अर्धा र हिंदीपुरत्या तपासलेल्या फॉन्टमध्ये हमखास फसतो. मुंबईच्या एक टाइपचे मुक्त परवान्याचे मुक्ता आणि बलू हे फॉन्ट खेळाला शोभतात. बटणं थोडी उंच ठेवा, कारण वरच्या मात्रा आणि खालचे उकार दोन्हींना जागा हवी. आकडे १२,३४,५६७ असे तोडा. मिलियन-बिलियनऐवजी ‘१२.३ लाख’ लिहिलं की आजीलाही कळतं.

दुकानात ठेवताना

नियम बदलत राहतात, पण आजच्या घडीला गुगल प्लेवर नवं ॲप एपीकेऐवजी एएबी (अँड्रॉइड ॲप बंडल) स्वरूपात द्यावं लागतं. ३१ ऑगस्ट २०२५ पासून नव्या ॲपचं लक्ष्य अँड्रॉइड १५ किंवा त्यापुढचं हवं. १ नोव्हेंबर २०२५ पासून अँड्रॉइड १५ ला लक्ष्य करणाऱ्या ॲपच्या नेटिव्ह लायब्रऱ्या १६ किलोबाइटच्या मेमरी पानांवर चालायला हव्यात, आणि जुने प्लगइन इथे बंद पडतात. १३ नोव्हेंबर २०२३ नंतर उघडलेलं वैयक्तिक खातं असेल तर खेळ खुला करण्याआधी किमान १२ जणांनी सलग १४ दिवस बंद चाचणीत राहावं लागतं. हे बारा जण शोधायला शेवटच्या आठवड्यापर्यंत थांबू नका. त्यात निम्मे असे असू देत ज्यांनी जुना खेळ खेळला होता आणि निम्मे ज्यांनी नाव पण ऐकलेलं नाही. खात्याची फी गुगलकडे एकदाच २५ डॉलर, ॲपलकडे दरवर्षी ९९.

डायनोसॉर म्हटलं की मुलं येणार. भारताच्या २०२३ च्या वैयक्तिक डेटा संरक्षण कायद्यात १८ खालचं प्रत्येक जण बालक आहे आणि त्यांच्या माहितीसाठी पालकांची पडताळलेली संमती लागते. सगळ्यात स्वस्त उपाय म्हणजे माहिती गोळाच न करणं. लॉगिन नको, जाहिरातींचे एसडीके (जाहिरात कंपन्यांचे तयार कोड) नकोत, बिघाडाचा अहवाल खेळाडूने स्वतः पाठवायचा.

शेवटची चाचणी मी अशी करतो. तीन-चार हजारांचा वापरलेला फोन घेतो, खेळ टाकतो, विमान मोड लावतो आणि आठवडाभर सिम न घालता खेळतो. मग फोन बंद करून तीन दिवस ड्रॉवरमध्ये ठेवतो. पुन्हा उघडल्यावर पार्क जागेवर असलं, अंडी उबलेली असली आणि नाणी मर्यादेपर्यंतच साठलेली असली, तर बिल्ड पाठवतो. ॲपवर डिजिटल सही करायच्या किल्लीची फाइल आणि तिचा पासवर्ड दोन वेगळ्या ठिकाणी, शक्यतो एका जुन्या पद्धतीच्या पेन ड्राइव्हवर आणि एका कागदावर, ठेवतो. पेन ड्राइव्हवरच्या फोल्डरचं नाव ‘फायनल’ ठेवत नाही.